कावेरीची फिकर

लोकेबाईंना कोणी लेखिका म्हटलेलं खपत नसे. त्या रागवायच्या नाहीत. समोरच्याचं बोलणं पूर्ण होऊ द्यायच्या आणि मग विज्ञानाच्या तासाला एखाद्या मुलाची चुकलेली व्याख्या दुरुस्त करावी, तितक्याच कोरड्या आवाजात म्हणायच्या, "लेखिका नाय. फिकर."

ऐकणाऱ्याचा चेहरा बघण्यासारखा व्हायचा. फिकर म्हणजे काळजी. ती असते, ती करतात. पण माणूस स्वतःच फिकर कसा असेल? लोकेबाई समजावायला बसत नसत. ज्याला खरंच कळून घ्यायचंय तो परत विचारील, असं त्यांचं म्हणणं. मी परत विचारलं म्हणून मला कळलं. मी मिठबावला त्यांच्याच शाळेत मराठी शिकवत होते आणि एखादा शब्द अडला की मला जेवण गोड लागत नाही.

सुनंदा लोके मूळच्या मिठबावच्याच. उंच, काटक, सावळ्या. लग्न केलेलं नव्हतं. गावातल्या घरात थोरला भाऊ, वहिनी आणि त्यांचा संसार, त्यातली एक खोली बाईंची. डबा उभ्याने खायच्या. बसून जेवलं की झोप येते आणि झोपेत मुलांना आम्ल आणि आम्लारी उलटसुलट शिकवली जातात, असं कारण सांगायच्या. चहाचा शेवटचा घोट कपात ठेवायच्या, का ते कधीच सांगितलं नाही. आणि मधल्या सुट्टीत प्रयोगशाळेच्या मागच्या पायरीवर उभ्या राहून एका अंगठ्याने मोबाइलवर काहीतरी टाइप करत असायच्या. आम्हाला वाटायचं, बाईंचं कुणाशीतरी बोलणं चालू असतं. वयाची पन्नाशी जवळ आलेली असली म्हणून काय झालं, असं म्हणून स्टाफरूममध्ये दोनचार जण गालात हसायचेही.

मग एक दिवस त्या स्टाफरूममध्ये आल्या, मोबाइल टेबलावर पालथा ठेवला आणि म्हणाल्या, "काढून टाकल्यानी तिका."

मला वाटलं नात्यातली कोणी नोकरीवरून गेली. "कोणाक?"

"कावेरीक."

ही कावेरी कोण, ते कळायला थोडा वेळ लागला. तेव्हा टीव्हीवर एक मालिका चालू होती. आंब्याच्या बागायतदारांचं मोठं घर, तीन सुना, भांडणं, दागिने. चित्रीकरण आपल्याच भागात व्हायचं, म्हणून गावागावात ती बघितली जायची. त्या घरात कावेरी नावाची एक मुलगी होती. सासरहून परत आलेली, मागच्या दारी वावरणारी. तिला वाक्यं फार नसत. पाणी आणून ठेवायचं, दाराआड उभं राहायचं, कुणी रडलं की पदर द्यायचा. त्या दिवशीच्या भागात एका सुनेने सहज सांगितलं की कावेरी मुंबईला गेली. संपलं. बहुधा त्या नटीला दुसरं काम मिळालं असावं.

"मुंबईक गेली म्हणे," लोकेबाई म्हणाल्या. "खंय गेली, कोणाकडे गेली, एका माणसान इचारूक नाय. घरातला चेडू नायसा झाला आणि हेंची जेवणाची ताटा तशीच मांडलेली. मी लिवतंय तिचा पुढचा."

तेव्हा त्यांनी ती सगळी दुनिया उघडून दाखवली. मोबाइलवरच्या एका ठिकाणी मालिकांचे, सिनेमांचे, कादंबऱ्यांचे भक्त जमतात आणि आवडत्या पात्रांच्या नव्या गोष्टी लिहितात. मूळ कथेत जे झालं नाही ते, किंवा जे व्हायला नको होतं ते दुरुस्त करून. अशा गोष्टीला ते 'फिक' म्हणतात, फिक्शनमधला पहिला तुकडा. फिक लिहिणारा तो फिकर. बाईही फिकर, बुवाही फिकर. कुणी तरी इंग्रजी शब्दाला देवनागरी कपडे घातले आणि तो नेमका आपल्या जुन्या शब्दाच्या घरात येऊन राहिला.

मी वहीत शब्दाचे प्रयोग टिपायला लागले, धंदाच तो माझा. 'ती मोठी फिकर आहे' हे त्या दुनियेत कौतुक. 'तो फिकर झाला' म्हणजे आजवर नुसता वाचायचा, आता लिहायला लागला. गोष्ट अर्धी टाकून गायब होणारा तो 'झोपलेला फिकर', आणि त्याच्या नावाने वाचक बोटं मोडत असतात. पण त्या दुनियेच्या कुंपणाबाहेर पाऊल टाकलं की तोच शब्द शिवी होतो. 'फिकर आहेस, लेखक समजू नकोस.' लोकेबाईंना दोन्ही अर्थ ठाऊक होते आणि तरी त्यांना तोच शब्द हवा होता.

"लेखिका म्हटल्यान काय बिघाडला?" मी एकदा विचारलं.

"लेखिकेची माणसा तिची सोताची असतत. माझी खंयची? मी दुसऱ्याच्या घराक गेलेली पावनी. पावन्यान कसा वागाचा? घरातली भांडी हलवची नाय, पोरांका शिकवचा नाय, आणि जाताना आपला ताट धुवन ठेवचा. ह्या ज्येका जमता तो फिकर."

हे त्या पाळायच्याही. मालिकेत जे घडून गेलंय त्याला त्या हात लावत नसत. कावेरी ज्या घरात होती ते घर तसंच, त्या सुना तशाच. फक्त कॅमेरा जिथे जात नव्हता त्या मागच्या दारी लोकेबाई जात होत्या. त्यांचं लिहिण्याचं नाव होतं 'पेडवा'. बाजारात सगळ्यात शेवटी विकली जाणारी बारकी मासळी. मी हसले तर म्हणाल्या, "सरंगे होवक लेखिका आसत मां." सरंगा म्हणजे पापलेट, बाजारातली मानाची मासळी.

त्यांच्या गोष्टी मी वाचल्या. खरं सांगायचं तर मला आधी त्या आवडतील असं वाटलं नव्हतं. मालिकेतली कावेरी पुठ्ठ्याची होती. बाईंची कावेरी कोंबड्यांशी भांडायची. हसताना तोंडावर मनगट उलटं धरायची. अबोलीचा गजरा न माळता एकच फूल कानामागे खोवायची आणि ते पडलं की दिवसभर शोधायची. गाणं बेसूर म्हणायची आणि कुणी थांबवलं तर मोठ्याने म्हणायची. अशी मुलगी कुठल्याही मालिकेवाल्याला सुचली नसती, कारण अशा मुली सुचत नाहीत, बघाव्या लागतात. वाचक वाढत गेले. पेडवाच्या गोष्टीखाली लोक रडून जायचे आणि लोकेबाई त्यांच्या प्रतिक्रियांतलं शुद्धलेखन दुरुस्त करायच्या.

ही गोष्ट हळूहळू बाहेर फुटली आणि तालुक्याच्या एका साहित्य मेळाव्यात नवोदितांच्या सत्रात बाईंना बोलावणं आलं. मीही गेले. बाई इस्त्रीची साडी नेसल्या होत्या. सूत्रसंचालकाने 'हौशी लेखिका' अशी ओळख करून दिली, तेव्हा त्यांनी माईकवर जाऊन पहिली दुरुस्ती केली. फिकर शब्दाचा अर्थ सांगितला, कावेरीचा एक उतारा वाचला. वाचत असताना मांडवात मागच्या बाया बोलायच्या थांबल्या होत्या, हे मी पाहिलं.

अध्यक्ष बाहेरून आलेले, मोठे. ते समारोपाला उठले आणि म्हणाले, "आजवर आम्हाला मराठीची फिकर होती. आता मराठीतच फिकर निपजले, म्हणजे फिकर संपली." मांडव हसला. त्यांनी मग सविस्तर सांगितलं. दुसऱ्याच्या कुंपणात भाजी लावणारा शेतकरी नसतो. उसनी पात्रं घेऊन लिहिणं ही साहित्याची भातुकली. बायकांचा वेळ चांगला जातो, त्याला हरकत नाही.

लोकेबाई जागेवर उभ्या राहिल्या. प्रमाण मराठीत, जपून म्हणाल्या, "सर, आमच्याकडे दशावतारी नट पांडवांना आणि रावणाला प्रत्येक गावात नवीन बोलायला लावतात. संहिता नसते. तीही उसनीच पात्रं ना?"

"ते देवाचं आहे, बाई," अध्यक्ष म्हणाले. "तुमचं टीव्हीचं आहे."

टाळ्या पडल्या. बाई बसल्या. परतीच्या एसटीत खिडकीपाशी बसल्या. मग म्हणाल्या, "तो म्हणता ता खोटा नाय. देव जुने झाले म्हणान चलतत. कावेरी अजून जुनी जावक नाय." थोड्या वेळाने पिशवीतून प्रमाणपत्र काढलं, त्यावरही हौशी लेखिकाच छापलं होतं. ते वाचून त्यांनी परत घडी घातली. "हौस भागता. ह्या भागणा नाय."

का भागत नाही, ते मला नंतर कळलं. 'ओहोटी' नावाची त्यांची एक गोष्ट होती. सासरी परत धाडायचं ठरलेली कावेरी सकाळच्या ओहोटीला कालवं काढायला खडपावर, म्हणजे समुद्रातल्या खडकांवर, जाते. चपला वाळूत शेजारी शेजारी काढून ठेवते. खडपाच्या टोकाला जाऊन खूप वेळ पाण्याकडे बघत उभी राहते. वाचणाऱ्याचा जीव खालीवर होतो. आणि मग ती खाली बसते, कोयतीने कालवं फोडते, टोपलं भरते, परत येते आणि पायाची वाळू झटकून चपला घालते. बस, एवढीच गोष्ट. मी त्यांना म्हटलं, यापेक्षा चांगलं तुम्ही काही लिहिलेलं नाही.

"ती माझी शालन," लोकेबाई म्हणाल्या.

शालन त्यांची धाकटी बहीण. मी या गावात आले त्याच्या कितीतरी आधी ती गेली होती, पण गाव बोलतं तेवढं माझ्याही कानावर होतं. मालवणकडे दिलेली. सासरी जाच म्हणून परत आली होती. तिला परत पाठवायचं ठरलं, आणि त्याच आठवड्यात कालवं काढायला गेलेली असताना खडपावरून पाय घसरून ती बुडाली. गावाला ठाऊक असलेली हकिगत एवढीच.

"चपला मी बघलंय," बाई म्हणाल्या. "आयेन धावत जावन उचलल्यान आणि पदराखाली घातल्यान. तिका वाटला, लोक चपला बघतले आणि म्हणतले, हिना जीव दिल्यान. घरात सगळ्यांका ताच वाटता, अजून वाटता. तोंडान म्हणतत पाय घसरलो. माका इतक्या वर्सांत कोणी इचारूक नाय, सुनंदा, तुका काय वाटता."

"तुमका काय वाटता?"

"जो परत येवचो नाय तो चपला अशो कित्याक ठेयत? भिजू नयेत म्हणान ठेवल्यान तिना. ती येवची होती घराक."

त्या दिवशी मला कळलं, बाई कावेरीला कुठून आणत होत्या. कोंबड्या, अबोलीचं फूल, तोंडावरचं उलटं मनगट, सगळं शालनचं. घरात तिचं नाव काढायची सोय नव्हती. म्हणून टीव्हीवरच्या एका परक्या, हरवलेल्या मुलीच्या अंगावर बाईंनी तिला चढवलं आणि खडपावरून रोज घरी परत आणलं.

पुढे त्या मालिकेच्या लोकांनी चाहत्यांना चित्रीकरण बघायला बोलावलं. कुणकेश्वरच्या बाजूला एक घर भाड्याने घेतलं होतं. पेडवा नावाने बाईंना खास निरोप आला. मला बरोबर नेलं. तिथे चेतन नावाचा मालिकेचा तरुण लेखक धावत आला आणि सगळ्यांदेखत वाकून बाईंच्या पाया पडला. "पेडवा मॅडम, आमची सगळी टीम तुम्हाला वाचते. कावेरी आम्हाला कळलीच नव्हती, तुम्ही सांगितलीत." लोकेबाईंचा चेहरा मी तसा आधी कधी बघितला नव्हता. लाजल्या होत्या त्या. आम्हाला खुर्च्या दिल्या, सरबत दिलं. चेतन शेजारी बसून एकेक विचारत होता. कावेरी हसताना असं का करते, फूल एकच का. बाई सांगत होत्या. इतकी वर्षं जे घरात सांगता आलं नव्हतं ते सगळं त्या कावेरीच्या नावाने भरभरून सांगत होत्या.

"आणि 'ओहोटी'त ती चपला का काढून ठेवते हो?"

"भिजू नयेत म्हणून," बाई म्हणाल्या. "परत यायचं असतं ना तिला."

"क्या बात है," चेतन म्हणाला आणि मोबाइलमध्ये काहीतरी टिपून घेतलं.

काही महिन्यांनी कावेरी मालिकेत परत आली. मुंबईहून आली म्हणून दाखवलं, नटी नवीन होती. पहिल्याच भागात ती कोंबड्यांवर ओरडली आणि कानामागे एकच अबोली होती. लोकेबाईंनी मला घरी फोन केला. हॅलोही न म्हणता सुरू झाल्या. "माझी घेतल्यानी गो तेंनी. माझी कावेरी." मी म्हटलं, न विचारता घेतली की. त्या म्हणाल्या, "पावन्यान ठेवलेला ताट घरवाल्यांनी वापरल्यानी तर पावन्याक बराच वाटता."

कावेरीला लोकांनी डोक्यावर घेतलं. बाई रोज शाळेत येऊन आदल्या दिवशीचा भाग सांगायच्या. चहाचा कप त्या दिवसांत पुरा रिकामा व्हायचा. मग बातमी फिरू लागली की मोठा भाग येणार आहे, सगळ्यांनी बघा. त्या संध्याकाळी वीज गेली म्हणून मिठबावात निम्म्या घरांनी तो मोबाइलवर बघितला. बाईंच्या घरी इन्व्हर्टर होता. भाऊ, वहिनी, शेजारी, सगळे टीव्हीसमोर बसले होते. बाई आतल्या खोलीत मुलांचे पेपर तपासत होत्या आणि कावेरीचा प्रसंग सुरू झाला की येते म्हणाल्या होत्या.

त्या बाहेर आल्या तेव्हा भाग संपत आला होता. पुढचं मला वहिनींनी सांगितलं. पडद्यावर ओहोटी होती, खडप होता. वाळूत दोन चपला शेजारी शेजारी. कॅमेरा चपलांवर थांबला, पाणी वर चढत आलं, चपला तरंगल्या आणि वाहून गेल्या. गाणं लागलं. कावेरी परत आली नाही.

एक शेजारीण म्हणाली, "आमच्या शालनसारखाच झाला मां." आणि मग तिच्याच लक्षात आलं की शालनचा तर पाय घसरला होता.

थोरल्या भावाने टीव्ही बंद केला. शेजारी उठून गेले. भावाने विचारलं, "चपलांचा तेंका कोणी सांगल्यान?"

बाई म्हणाल्या, "मी लिवलेलंय. पण मी परत आणलेलंय तिका, दादा. माझ्या गोष्टीत ती परत येता."

"तुझ्या गोष्टीत," भाऊ म्हणाला. "आये मरेपर्यंत हात जोडून सांगत रवली, पाय घसरलो. आमी सगळे गप रवलंव. आणि तू चपला न्हेवन टीव्हीर मांडलंस. उद्या बाजारात माका कोण काय इचारतलो ता तुका ठावक आसा?"

बाजारात विचारलं. शाळेतही विचारलं, शिक्षकांनीच. जे इतकी वर्षं कुजबुजत होतं ते आता मालिकेने शिक्का मारून दिलं होतं. शालनने जीव दिला. शालन परत येणार होती असं मानणारं एकच माणूस जगात होतं, आणि तिच्याच शब्दांनी तिला खोटं पाडलं.

बाईंनी चेतनला फोन केला. मी समोर होते, फोन स्पीकरवर होता. तो शांतपणे ऐकून घेत होता. मग तो बोलू लागला. मॅडम, तुमच्या लेखनाला ही आमची मानवंदना आहे. मॅडम, ती परत आली असती तर भाग उभा राहिला नसता. आणि मॅडम, तसं बघितलं तर कावेरी आमचीच होती ना? शेवटी त्याने सांगितलं की त्याने भांडून आभारात तुमचा उल्लेख घालून घेतलाय.

आम्ही तो उल्लेख शोधला. शेवटच्या पळत्या पाट्यांमध्ये कपड्यांच्या आणि जेवणाच्या व्यवस्थेखाली एक ओळ होती. 'आमचे सर्व फिकर मित्र.' नाव नव्हतं. पेडवाही नव्हतं.

मी आग्रह केला म्हणून बाई कणकवलीला एका ओळखीच्या वकिलाकडे आल्या. वकील चांगला माणूस होता. त्याने 'ओहोटी' वाचली, भाग बघितला, मान हलवली. "सारखं आहे. पण बाई, कावेरी हे पात्र त्यांचं. तुम्ही त्यांच्या पात्रावर लिहिलंत. आता तक्रार कुठल्या नात्याने करणार? तुम्ही तिच्या कोण?"

लोकेबाईंनी तोंड उघडलं. मला वाटलं, बहीण म्हणतील. त्या म्हणाल्या, "फिकर."

वकिलाला वाटलं त्या काळजीचं सांगतायत. तो मऊ आवाजात म्हणाला, "ती असणारच हो." आणि चहा मागवला.

सगळ्यात वाईट पुढेच होतं. मालिकेमुळे नवे वाचक पेडवाच्या पानावर आले आणि त्यांनी 'ओहोटी' वाचली. त्यांनी लिहिलं की हिने मालिकेवरून चोरी केली. वर शेवट बदलला, मरण लिहायची हिंमत नाही. बाईंनी सुरुवातीला प्रत्येकाला गोष्टीची तारीख दाखवली. तारीख कुणी बघत नाही. कुणीतरी लिहिलं, 'फिकर ती फिकरच, परत आणून काय मिळवलंस?' त्यावर शेकडो लोकांनी हसण्याची खूण ठेवली. त्यातली काही नावं जुनी होती, पूर्वी याच गोष्टीखाली रडून गेलेली.

एका मधल्या सुट्टीत प्रयोगशाळेच्या पायरीवर उभ्या राहून बाईंनी सगळ्या गोष्टी काढून टाकल्या. एकेक करून. मी म्हटलं, निदान तुमच्याकडे प्रत ठेवा. त्या म्हणाल्या, "पावन्यान जाताना आपला ताट धुवन ठेवचा." पण यावेळी त्या वाक्यात जुना तोरा नव्हता. भावाने बोलणं टाकलं होतं. वहिनी दारात ताट ठेवायच्या. वर्षअखेरीला बाईंनी संस्थेकडे बदली मागितली आणि खारेपाटणच्या शाळेत गेल्या. निरोपाच्या भाषणात मुख्याध्यापक म्हणाले, बाईंना टीव्हीची फार आवड. कुणी दुरुस्त केलं नाही. बाईंनीही नाही.

गेल्या वर्षी एका लग्नाच्या निमित्ताने मी खारेपाटणला गेले तेव्हा त्यांना भेटले. नदीच्या बाजूला एक खोली घेतली होती. केस पांढरे झाले होते. शाळा, शिकवण्या, बाजार. मला सुंगटांची, कोळंबीची, कढी वाढली, स्वतः शेजारी बसून जेवल्या. इकडच्या तिकडच्या गोष्टी झाल्या. शेवटी मला राहवलं नाही.

"लिवतास काय आता?"

"नाय."

"कावेरीक तेंनी मारल्यानी. तुमी परत आणूक शकतास. ताच तर तुमी करी होतास."

त्या ताटातली सुंगटांची सालं बाजूला करत राहिल्या. "तेव्हा माका ठावक नव्हता गो," म्हणाल्या, "मेलेल्या माणसाक परत मारतत ता. एकदा मेली ती समुद्रात. आता मेली ती माझ्या हातान. परत आणलंय तर परत खंयतरी कोणतरी तिका मारूक बसलेलो आसतलो." मग विचारलं, "तुका ठावक आसा, मी तो भाग अजून बघूक नाय. शेवट तेवढो बघलंय. बाकी लोकांनी सांगितला."

मला सोडायला त्या स्टँडवर आल्या. कणकवलीची गाडी यायची होती. आमच्या पुढे बाकावर कॉलेजच्या दोन मुली एका मोबाइलमध्ये डोकं घालून बसल्या होत्या. आवाज मोठा होता आणि गाणं मी ओळखलं. त्या भागाचा तुकडा अजूनही लोक एकमेकांना पाठवतात, दु:खाचा प्रसंग म्हणून. एका मुलीने ओढणीने डोळे पुसले. "काय लिवल्यानी गो," ती मैत्रिणीला म्हणाली. "माका दर वेळाक रडूक येता."

मी लोकेबाईंचा दंड धरला. पण गाडी लागली होती आणि मागून माणसं ढकलत होती.

"गाडी इली," त्या म्हणाल्या. "चढ तू. खिडकी गावतली."

खिडकी मिळाली. मी बाहेर पाहिलं तर त्या अजून बाकामागेच उभ्या होत्या, किंचित वाकून. मुलीने तुकडा परत पहिल्यापासून लावला होता. पडद्यावर काय होतं ते मला दिसत नव्हतं, पण सुरुवातीला कावेरी कोंबड्यांमागे धावते आणि तोंडावर मनगट धरून हसते, हे मला माहीत होतं. मुलीला मागे कुणीतरी उभं असल्याचं जाणवलं. तिने मान वर केली, हसली, आणि म्हाताऱ्या माणसाला नीट दिसावं म्हणून मोबाइल थोडा कलता करून त्यांच्या बाजूला धरला.

गाडीने वळण घेतलं तेव्हा लोकेबाई बघत होत्या.